लीलाबाईची पुडी आणि अंकुरची व्हॅन

आमच्या गल्लीत रोज सकाळी फाटकाच्या दांडीला फुलांची पुडी अडकवलेली असते. पळसाच्या पानात बांधलेली, पांढऱ्या दोऱ्याने वेढलेली. वर एक गावठी गुलाब आणि बेलाची पानं, त्याखाली शेवंती आणि अगदी तळाला झेंडू. तळाचा झेंडू कालचा असतो. हे मला लीलाबाईनेच सांगितलं, आणि सांगताना ती जराही लाजली नाही.

"रोख पैसे घेऊन जो समोर उभा राह्यते, त्याले पाटीतलं वरचं द्याच लागते," ती म्हणाली. "तो फूल नाकाले लावून पायते. महिन्याच्या पुडीवाल्यानं तं पैसे आधीच देऊन टाकले असते. तो कुठी जाते? त्याच्या पुडीत मधात काय हाय, हे त्याले देवापुढं बसल्यावर कळते. तवा मी पुढच्या गल्लीत असतो."

वऱ्हाडातल्या कितीतरी बायकांसारखी लीलाबाई स्वतःबद्दल बोलताना 'असते' म्हणत नाही, 'असतो' म्हणते. तिच्या तोंडी ते शोभतं. तिचा नवरा नत्थुजी गेला तेव्हा अंकुर शाळेत होता. तेव्हापासून बडनेऱ्याच्या पलीकडचा तो फुलांचा तुकडा, त्यावरची विहीर, बाजारातली भांडणं, सगळं तिच्या एकटीच्या अंगावर आलं आणि तिने ते घेतलं. ती डावखुरी आहे. पुडी बांधताना उजव्या हाताने पान धरते आणि डाव्याने दोरा फिरवते. ते बघत राहावंसं वाटतं.

पण तिची खरी ओळख तिच्या हातांची नाही, तिच्या डोळ्यांची आहे. ते डोळे कशावरच विश्वास ठेवत नाहीत. अडत्याच्या काट्यावर झेंडूचं पोतं चढलं की ती खाली वाकून बघते, कोणाचा पाय तर टेकला नाही ना. लुगडं घेताना थुंकी लावलेला अंगठा पदरावर घासते. दुकानदाराने "मावशी, पक्का रंग आहे" असं म्हटलं की ती दोनदा घासते. डॉक्टरने गोळ्या लिहून दिल्या तर औषधवाल्याला विचारते, आणि औषधवाल्याने सांगितलं की गल्लीतल्या नर्सबाईंना. एकदा मी तिला म्हटलं, "लीलाबाई, सगळं जग काही खोटं नसतं."

"कोन म्हनते खोटं हाय?" ती म्हणाली. "जग माह्यासारखंच हाय. म्हून तं भेव वाटते."

अशा बाईच्या घरात अंकुरने आधी पैसे भरून गाडीची सर्व्हिसिंग विकत घेतली, आणि तीही तिला न विचारता.

व्हॅन अंकुरच्या हट्टाची. अमरावतीच्या बाजारात झेंडूचा भाव आपटला की फुलं उकिरड्यावर जातात, हे त्याने लहानपणापासून पाहिलेलं. अकोल्यात जठारपेठेत बंडू नावाचा एक हारवाला त्याच्या ओळखीचा झाला. बंडूला रोज शेवंती आणि निशिगंध हवा होता, पण वेळेवर. एसटीच्या टपावर टाकलेली फुलं मूर्तिजापूरपर्यंतच मान टाकायची. म्हणून ही पांढरी व्हॅन आली. मागच्या सीटा काढून तिथे क्रेट रचले. इंजिन समोरच्या सीटखाली. लीलाबाई कधी बसलीच तर म्हणायची, "हे बुड शेकाची गाडी कोन बनोली गा?" पण अकोल्याचा धंदा जमला. तो अंकुरचा स्वतःचा धंदा होता, आईच्या पाटीतून न आलेला पहिला.

गाडी रोज धावणार म्हणून शोरूममधल्या मुलीने त्याला तो प्लॅन सांगितला. ठरलेल्या काळाची सर्व्हिसिंग आत्ताच विकत घ्यायची. ऑइल, फिल्टर, मजुरी सगळं त्यात. पुढे दर वाढले तरी तुम्हाला जास्त पडणार नाही. अंकुरने सही केली आणि आठवडाभर आईला सांगितलं नाही. सांगितलं तेव्हा ती हार ओवत होती. सुई थांबली.

"म्हंजे गाडी बिघडाच्या आंधीच तू दुरुस्तीचे पैसे देऊन आला?"

"बिघडू नाई म्हून देल्ले, माय."

"ब्रेक गेले तं?"

"ब्रेक त्यात नाई."

"किलच?"

"तेबी नाई. टायर अन् बॅटरीबी नाई."

"मंग हाय काय त्यात? हवा?"

"ऑइल हाय, फिल्टर हाय. अकोल्यातबी त्यायचं सेंटर हाय, तिथंबी चालते."

"अन् हे किती वर्सं?"

अंकुर जरा अडखळला. "तीन वर्सं. नाई तं ठरलेले किलोमीटर. जे आंधी होईन ते."

"तू रोज अकोल्याले जातं. तुहं काय आंधी होईन?"

लीलाबाईने सुई पुन्हा चालू केली, पण हार त्या दिवशी वाकडा झाला असं तिनेच मला नंतर सांगितलं. प्लॅन विकणारी मुलगी कोण हे कळल्यावर तर ती जास्तच पेटली. ती होती करिश्मा, आमच्या शेजारच्या पार्बताबाईंची मुलगी. म्हणजे जिच्या घरी लीलाबाईची महिन्याची पुडी जाते, तिचीच.

"पुडीवालीचं पोट्टं हाय म्हून गुंडाळलं त्याले," ती आमच्या ओट्यावर बसून म्हणाली. "मले सांग, पैसे आंधी घेतल्यावर कोन गाडीखाली वाकते? झाकन उघडन, पुसन, लावन. वरून एक गुलाब ठेवन."

पहिली मोठी सर्व्हिसिंग आली तेव्हा तिने तिची युक्ती केली. देवीच्या हारांची टोकं बांधायला ती लाल-पिवळा दोरा वापरते. आदल्या संध्याकाळी तिने अंकुरला सीट उचलायला लावली, हवेच्या फिल्टरचा डबा उघडायला लावला, आणि आतल्या जाळीदार फिल्टरला तो दोरा गुंडाळून डाव्या हाताने गाठ मारली.

"हे काय, माय?"

"नवीन फिल्टर टाकन तं दोरा दिसनार नाई. दोरा दिसला तं फसोलं." मग तिने त्याच्याकडे न बघता सांगितलं, "फसोलं तं गाडी विकाची. अकोला बंद. बंडूले सांगून देजो."

अंकुर चेष्टेवारी नेईल असं तिला वाटलं असावं. त्याने नेलं नाही. तो म्हणाला, "अन् नाई फसोलं तं?"

"तं तुह्या धंद्यात मी बोलनार नाई."

दुसऱ्या दिवशी व्हॅन सर्व्हिसिंगला गेली आणि दिवेलागणीला परत आली. धुतलेली, आत गुलाबाचा नकली वास मारलेली. मी तिथेच, त्यांच्या मळ्यावर होते. आमच्या कॉलेजातल्या विभागाच्या कार्यक्रमासाठी फुलं सांगायला गेले होते. लीलाबाईने त्या वासावरच नाक मुरडलं. "पाय. वरचा गुलाब."

अंकुरने सीट उचलली, डब्याचे चिमटे काढले. मोबाईलचा उजेड आत टाकला. जाळीवर लाल-पिवळा दोरा होता.

विहिरीवरची मोटर चालू होती. लीलाबाईने झाकण दाबून बंद केलं. मला वाटलं होतं तिला जिंकल्यासारखं वाटेल, पण तसं दिसलं नाही. अंकुरने खिशातून किल्ली काढून आईच्या हातावर ठेवली आणि तो मोटर बंद करायला गेला. त्याच्या चालण्यात राग नव्हता. तो असता तर बरं झालं असतं.

"विकाच्या आंधी," ती माझ्याकडे वळून म्हणाली, "त्या पोरीच्या तोंडावर फेकतो हा दोरा. तू चाल संगं. तुले इंग्रजी येते. ते लोक अडलं की इंग्रजीत बोलते."

सकाळी आम्ही निघालो. अंकुर गाडी चालवत होता. किल्ली त्याला फक्त सेंटरपर्यंत मिळाली होती. लीलाबाई शेजारी इंजिनाच्या उबेवर ताठ बसली होती आणि मी मागे उलट्या क्रेटवर. क्रेटांमध्ये त्या दिवशीची शेवंती तशीच होती, अकोल्याला न गेलेली. बंडूचा फोन दोनदा वाजला. अंकुरने तो उचलला नाही.

सेंटरशी उतरताच लीलाबाईने किल्ली परत घेतली आणि काचेच्या दारात चपला काढल्या. फरशी फार चकचकीत होती. मग एकदम तिच्या लक्षात आलं आणि तिने त्या पुन्हा घातल्या.

करिश्मा टेबलामागून उठून आली. "मावशी! तुम्ही? बसा ना, चहा सांगते."

"चहा प्याले नाई आली. तुह्या साहेबाले बोलाव. नाई तं तूच ये, गाडीजवळ ये."

"काय झालं?"

"झालं काय? पैसे आंधी घेतले अन् जुनंच ठेवलं. मी निशानी लावली होती. चाल, दाखोतो."

गाडीभोवती तीन-चार जण जमले. एक जण आपलं पाणी पिणं थांबवून आला. अंकुर मान खाली घालून उभा होता. लीलाबाईने त्याला सीट उचलायला सांगितलं, झाकण काढायला सांगितलं आणि स्वतः आत वाकली. "पायजा आता सारे. हा दोरा माहा हाय. देवीच्या हाराचा. परवा मी या हातानं," असं म्हणत तिने दोऱ्याला हात घातला.

आणि तिथेच ती थांबली.

मी तिच्या अगदी मागे होते. तिची बोटं गाठीवर होती. ती गाठ तिने एकदा चाचपली, पुन्हा चाचपली. मग डोकं अजून आत घालून बघितलं. आमच्यापैकी कोणालाही त्या गाठीत काही वेगळं दिसलं नसतं. दोरा तोच होता, जागा तीच होती. लीलाबाईच्या हातात सगळा निकाल होता. तिने नुसता दोरा ओढून वर धरला असता तरी पुरे होतं.

ती बराच वेळ वाकून राहिली.

"माय?" अंकुर म्हणाला.

ती सरळ झाली. "ही गाठ माही नाई," ती म्हणाली.

"म्हणजे?" करिश्माने विचारलं.

"म्हंजे काय म्हंजे? माही गाठ अशी नाई बसत. माहा फेर इकडून जाते. ही कोन्या उजव्या हाताच्यानं मारली. अन् दोरा मी उभा बांधला होता, हा आडवा हाय." तिने आजूबाजूच्या लोकांकडे रागाने बघितलं. जणू गाठ सोडणाऱ्याने तिचं काही चोरलं होतं. "कोनं सोडली?"

मागून एक मेकॅनिक पुढे आला. निळ्या डगल्यावर सहदेव असं लिहिलेलं. तो घाबरला होता. "मी सोडली, काकू. फिल्टर काढून हवा मारली तवा सोडली. मले वाटलं अंबादेवीचा असन. लोकं लिंबू बांधते, काळी बाहुली बांधते. कोनाचं देवाचं कसं फेकावं? म्हून परत बांधला. उभा बांधला असता तं झाकन नीट बसत नव्हतं, धूळ शिरली असती आत. म्हून आडवा केला."

"हवा मारली? बदललं काहून नाई?"

आता करिश्मा बोलली. तिचा आवाज तिच्या टेबलामागच्या आवाजासारखा नव्हता, आमच्या गल्लीतल्यासारखा होता. "मावशी, या सर्व्हिसिंगला हा फिल्टर फक्त साफ करायचा असतो. पुढच्या वेळी बदलायचा. ऑइल आणि ऑइलचा फिल्टर या वेळी नवीन टाकलाय. तो खाली आहे, तिकडे तुम्ही दोरा बांधला नाही."

कोणीतरी हसलं. लीलाबाईने तिकडे बघितलं आणि हसणं बंद झालं.

"अन् तो गुलाबाचा वास? तोबी यात हाय काय?"

करिश्मा म्हणाली, "नाही. तो वेगळा आहे. आतली सफाई आणि वास प्लॅनमध्ये नसतो. आम्हाला ते सगळ्यांना विचारावं लागतं. अंकुरने हो म्हटलं."

"मले वाटलं फुकट हाय," अंकुर पुटपुटला.

"हां!" लीलाबाईचा आवाज पुन्हा चढला. "मंग तं पुरंच खोटं नोतं मी बोलली."

"नाही, मावशी. ते तुमचं खरं आहे. विचारलं नाही तर आम्ही सांगत नाही. पुढच्या वेळी त्याने नको म्हणावं."

"अन् आता मले नीट सांग. हे घेतलं ते शायनपन का येडेपन? पुडीवाली म्हून नको सांगू. तुही आई गाडी घेनार असती तं काय सांगतलं असतं?"

"आईला नको म्हटलं असतं," करिश्मा लगेच म्हणाली. "बाबांची गाडी देवदर्शनाला आणि लग्नाला निघते. त्यांच्या प्लॅनचे दिवस संपतील, गाडी धावणारच नाही. अंकुरचं उलट आहे. त्याचे किलोमीटर वर्ष-दीड वर्षातच संपतील. पण तेवढ्यात त्याच्या सगळ्या सर्व्हिसिंग होऊन जातील. फार वाचत नाही त्यात, थोडं वाचतं. खरं वेगळंच आहे. पैसे भरलेला माणूस गाडी वेळेवर आणतो. न भरलेला म्हणतो, पुढच्या महिन्यात बघू."

लीलाबाईने हे ऐकून घेतलं. पण तिचा मूळ प्रश्न अजून तसाच होता. तिने तो आता हळू आवाजात विचारला. "पैसे तं तुमाले भेटले हायेत. गाडी कुठी जाते तुमाले सोडून? मंग हा सहदेव काहून हवा मारते? कोन पायते?"

करिश्माने माझ्याकडे बघितलं, मग लीलाबाईकडे. "मावशी, आमच्या पुडीत तळाला कालचा झेंडू असतो. आईला माहीत आहे. ती रोज तो बाजूला काढून तुळशीत टाकते."

सेंटरमध्ये कुठेतरी पाण्याचा फवारा चालू झाला आणि बंद झाला.

"मंग पुडी बंद काहून नाई केली तिनं?"

"मीही तेच म्हटलं होतं. ती म्हणाली, पुडी कशीही असो, पाऊस असो की ऊन असो, फाटकावर असते. तिच्यामुळे माझी पूजा चुकत नाही." करिश्मा म्हणाली, "मी तुम्हाला लाजवायला नाही सांगत. तुम्ही विचारलं म्हणून सांगितलं. बाकी आमच्याकडेही सगळे सहदेव नाहीत. तुम्ही येत जा. पुढच्या वेळी काचेमागे नाही, गाडीजवळ उभं राहा."

"येईनच," लीलाबाई म्हणाली. "मी का सोडतो काय?"

तिने सहदेवला तो दोरा काढायला लावला. त्याने सोडून दिला तेव्हा तिने तो बोटाभोवती गुंडाळून कमरेला खोचला. मग व्हॅनमध्ये जाऊन बसली. अंकुर अजून बाहेरच उभा होता. त्याला कुठे बसायचं ते कळत नव्हतं. अखेर तो चालवायच्या जागेवर बसला आणि त्याने हात पुढे केला. तिने किल्ली दिली नाही. समोर बघत राहिली. मला मागून तिच्या मानेची शीर दिसत होती.

बंडूचा फोन पुन्हा वाजला.

"उचल," ती म्हणाली. किल्ली तिने त्याच्या मांडीवर टाकली. "त्याले सांग, शेवंती येऊन राहिली. उशीर झाला म्हून भाव पाडू नको म्हना."

अंकुरने फोन कानाला लावला आणि शेवंती निघाल्याचं बंडूला सांगितलं. त्याने आम्हाला राजकमल चौकात उतरवलं. गाडी वळून गेली तरी लीलाबाई तिकडेच बघत होती. मी म्हटलं, "झालं ना तुमच्या मनासारखं?"

"काय झालं? एका खेपेचं झालं," ती म्हणाली. "पुढच्या खेपेले तो सहदेव सुट्टीवर असन तं? किलोमीटर पुरे झाल्यावर परत पैसे भरा म्हनतीन, तवा पाहू. अन् तो खालचा फिल्टर मी पायलाच नाई." मग थोडं चालून गेल्यावर, "पन अंकुरच्या धंद्यात मी बोलनार नाई. बोलली होती तसं."

दुसऱ्या दिवशी सकाळी मी दारात उभी होते. पार्बताबाई पुडी घेऊन त्यांच्या ओट्यावर बसल्या होत्या. दोरा सोडून त्यांनी पान उलगडलं. गुलाब बाजूला ठेवला, शेवंती बाजूला ठेवली, आणि सवयीने तळाचा झेंडू तुळशीकडे टाकायला उचलला. तो हातातच राहिला. त्यांनी तो नाकाशी नेला. मग दुसरा. सगळा झेंडू त्याच पहाटेचा होता, देठाला अजून ओल होती.

त्यांनी गल्लीच्या टोकाकडे बघितलं. लीलाबाईची पाटी तिथे नुकतीच वळत होती.

"काहून वं," त्या मला म्हणाल्या, "लीलाबाईले काई काम हाय काय आपल्याकडं? आज मधातलीबी फुलं ताजी हायेत."

आणि त्यांनी पळसाचं पान उलटं करून खालून नीट बघितलं.